खडीकेंद्रावरील स्त्रिया : दुष्काळ, संप आणि कामाचा हक्क
(प्रस्तावना)

खाणी आणि दगडखाणींवरील कामगारलढ्यांच्या इतिहासात स्त्रियांचा उल्लेख बहुधा संपकऱ्यांच्या घरची माणसे म्हणून येतो. पुरुष काम थांबवतात, स्त्रिया चूल कशीबशी पेटती ठेवतात, मोर्चाच्या मागच्या रांगेत चालतात आणि तडजोड झाली की पुन्हा घरात परततात, असे चित्र त्यातून उभे राहते. या चित्रात काही अंशी तथ्य असले, तरी जिथे स्त्री स्वतःच दगडावर घाव घालणारी कामगार असते, स्वतःच हजेरीपत्रकावर नोंदली जाते आणि कामाचे माप कमी धरले गेल्यास तिच्याच पदरातील मजुरी कमी होते, तिथे हे चित्र अपुरे पडते. प्रस्तुत अभ्यासाचा विषय अशा स्त्रिया हा आहे. आजचा धाराशिव, म्हणजे पूर्वीचा उस्मानाबाद जिल्हा, त्याच्या भोवतीचा मराठवाडा आणि लगतचा सोलापूर–अहमदनगरचा अवर्षणप्रवण पट्टा या भूभागात १९७० ते १९७३ या दुष्काळाच्या काळात आणि त्यानंतर रोजगार हमीच्या कामांवर दगड फोडणाऱ्या, मुरूम वाहणाऱ्या, मातीचे बांध घालणाऱ्या स्त्रियांनी जे लढे दिले, त्यांचा अर्थ लावणे हा या लेखनाचा हेतू आहे. या स्त्रियांच्या आंदोलनाने दुष्काळी मदतीला सरकारी कृपेच्या कक्षेतून बाहेर काढून कामाच्या हक्काच्या कक्षेत आणण्यास मोठा हातभार लावला, आणि म्हणूनच त्याची नोंद महाराष्ट्राच्या कामगार इतिहासात व स्त्रीचळवळीच्या इतिहासात ठळकपणे व्हायला हवी, ही या अभ्यासाची मुख्य भूमिका आहे.

धाराशिव जिल्ह्यात कोळशाची, लोखंडाची वा मँगनीजची खाण नाही, आणि म्हणून खाणकामगार स्त्रियांच्या चर्चेत या जिल्ह्याचे नाव का यावे, असा प्रश्न साहजिकच उपस्थित होतो. त्याचे उत्तर जिल्ह्याच्या भूरचनेत आणि खनिजविषयक कायद्यात आहे. बालाघाटच्या डोंगररांगांवर आणि त्यांच्या उतारांवर वसलेला हा प्रदेश दख्खनच्या लाव्हापठाराचा भाग असून त्याच्या पातळ मातीखाली मुरूम आणि मुरुमाखाली काळा कठीण पाषाण, म्हणजे भूशास्त्राच्या परिभाषेत बेसाल्ट, पसरलेला आहे. याच पाषाणात धाराशिवची प्राचीन लेणी कोरली गेली, याच दगडातून नळदुर्ग आणि परांड्याचे किल्ले उभे राहिले आणि रस्ते व धरणे बांधण्याच्या आधुनिक काळात हाच दगड खडी होऊन वापरात आला. १९५७ च्या खाणी व खनिजे कायद्याने बांधकामाचा दगड, खडी, वाळू अशा पदार्थांना ‘गौण खनिज’ या वर्गात घातले. गौण खनिज म्हणजे ज्याच्या उत्खननाचे नियम करण्याचा अधिकार केंद्राऐवजी राज्य शासनाकडे असतो असे खनिज. दुसरीकडे १९५२ च्या खाण अधिनियमाने कामगारांच्या सुरक्षिततेची जी चौकट घालून दिली, तिच्यातून उथळ, स्फोटके न वापरणाऱ्या आणि मोजकेच कामगार असलेल्या दगडखाणींना बऱ्याच तरतुदींपुरती सूट मिळाली. यामुळे पायाखालचा दगड कायद्याने खनिज ठरला, परंतु तो फोडणारी बाई मात्र खाणकामगार म्हणून क्वचितच ओळखली गेली. तिच्या श्रमाचे स्वरूप खाणकामाचे होते, तिला मिळणारे संरक्षण मात्र त्या दर्जाचे नव्हते, आणि या तफावतीतूनच पुढच्या अनेक मागण्या जन्माला आल्या.

भारतातील खाणकामाच्या इतिहासात स्त्रियांचे स्थान कसे बदलत गेले, हे येथे थोडक्यात लक्षात घेणे आवश्यक आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी बंगाल–बिहारच्या कोळसाखाणींत स्त्रिया जमिनीखाली कुटुंबासह काम करीत. १९२९ च्या नियमांनी त्यांना भूमिगत कामातून टप्प्याटप्प्याने बाहेर काढले, दुसऱ्या महायुद्धात कोळशाची गरज वाढल्यावर १९४३ मध्ये ही बंदी उठवली गेली आणि युद्ध संपताच १९४६ मध्ये ती पुन्हा लागू झाली. संरक्षणाच्या नावाखाली घेतलेल्या या निर्णयांमुळे स्त्रियांचा रोजगार गेला, पण त्यांना पर्यायी काम देण्याची जबाबदारी कोणी घेतली नाही. त्यानंतर खाणकामातील स्त्रीश्रम मुख्यतः उघड्या खाणींत, कंत्राटी पद्धतीत आणि दगडखाणींत उरला. महाराष्ट्रात नागपूर व भंडारा जिल्ह्यांतील मँगनीजच्या उघड्या खाणींत स्त्रियांनी खनिज वेचण्याची आणि वाहण्याची कामे केली, तर राज्यभरातील दगडखाणींत वडार समाजाच्या स्त्रियांनी पुरुषांच्या बरोबरीने, किंबहुना पाठीवर लेकरू बांधून, दगड फोडण्याचे आणि वाहण्याचे काम पिढ्यान्‌पिढ्या केले. १९७२ चा दुष्काळ पडला तेव्हा वडार स्त्रीच्या वाट्याला परंपरेने आलेले हे काम मराठवाड्यातील शेतकरी, शेतमजूर, दलित, लमाण आणि मुस्लिम स्त्रियांच्याही हाती आले. ज्या घरातील स्त्री दुसऱ्याच्या बांधावर कधी कामाला गेली नव्हती, त्या घरातील स्त्रीही हातोडी घेऊन खडीच्या ढिगासमोर बसली.

हा दुष्काळ एका वर्षाचा नव्हता. १९७०-७१ पासून पाऊस कमी पडत गेला आणि १९७२ च्या पावसाळ्याने पूर्ण दगा दिल्यावर संकटाने उग्र रूप धारण केले. पुणे, अहमदनगर, सोलापूर, सातारा, सांगली, औरंगाबाद, बीड आणि उस्मानाबाद हे त्याचे सर्वाधिक फटका बसलेले जिल्हे होते. त्या वेळी उस्मानाबाद जिल्ह्यात लातूर, औसा, निलंगा, उदगीर, अहमदपूर हे तालुकेही होते, कारण लातूर जिल्ह्याची निर्मिती १९८२ मध्ये झाली. म्हणून १९७२ च्या उस्मानाबादविषयी बोलताना आजच्या दोन जिल्ह्यांचा विस्तार डोळ्यांसमोर ठेवावा लागतो. बहात्तरचा दुष्काळ अन्नाचा होता, पाण्याचा नव्हता, असे या भागातील वृद्ध माणसे आजही सांगतात. विहिरींना कुठे ना कुठे पाणी होते, पण खरीप आणि रब्बी दोन्ही हातची गेल्याने घरात दाणा नव्हता, आणि दाणा विकत घ्यायला हाती पैसा नव्हता. अमेरिकेतून आलेली मिलो नावाची तांबडी ज्वारी रेशनवर मिळे, आणि दुष्काळी कामांवर धान्य, डाळ व गूळ यांपासून केलेली सुकडी वाटली जाई. अशा परिस्थितीत मजुरी हाच अन्न मिळवण्याचा एकमेव मार्ग उरला आणि शासनाने काढलेली कामे हीच मजुरीची एकमेव जागा ठरली.

या कामांचा आवाका असाधारण होता. मे १९७३ मध्ये राज्यातील दुष्काळी कामांवर सुमारे ५० लाख मजूर हजर होते, आणि १९७१ च्या जनगणनेनुसार राज्याची लोकसंख्या सुमारे ५ कोटी होती हे लक्षात घेतले, म्हणजे राज्यातील दर दहा माणसांपैकी एक जण त्या महिन्यात सरकारी कामावर होता, असा त्याचा अर्थ होतो. मजुरांमध्ये स्त्रियांचे प्रमाण निम्म्याच्या आसपास होते आणि पुरुष मुंबई–पुण्याकडे किंवा साखर कारखान्यांकडे गेलेल्या गावांत ते त्याहूनही अधिक असे. पाझर तलाव, म्हणजे साठलेले पाणी जमिनीत मुरवून खालच्या विहिरींना आधार देणारे तलाव, नाला बांध, शेतांची बांधबंदिस्ती आणि रस्ते ही प्रमुख कामे होती. दुष्काळाच्या पहिल्या टप्प्यात मात्र हातोडीने खडी फोडण्याचे काम सर्वांत जास्त निघाले, कारण त्यासाठी आराखडा, जमीन संपादन किंवा अभियंत्याची फारशी गरज नसे. दगड आणि माणसे एकत्र आणली की काम सुरू होई. अशा जागेला लोक खडीकेंद्र म्हणत. रस्त्याकडेला खडीचे ढीग साठत गेले आणि त्यांचा उपयोग कधी होणार हे कोणालाच सांगता येईना, तेव्हा उत्पादक कामे द्या, तलाव द्या, बांध द्या, अशी मागणी मजुरांकडून आणि विरोधी पक्षांकडून होऊ लागली. स्वतःच्या श्रमातून गावाच्या शेतीला काही मिळावे हा या मागणीचा आशय होता, आणि दुष्काळी मजुरांना केवळ पोटाची चिंता होती असे मानणाऱ्यांनी तो विशेष ध्यानात घेण्यासारखा आहे.

खडीकेंद्रावरील कामाची घडण समजून घेतल्याशिवाय तिथल्या संपाची घडण समजत नाही. मोठ्या दगडावर घण घालून त्याचे तुकडे करणे, हातोडीने ते ठरलेल्या आकारापर्यंत बारीक करणे, पाटीत वा घमेल्यात भरून ढिगावर नेणे आणि ढीग चौकोनी रचून मापासाठी तयार ठेवणे असे हे काम टप्प्यांत होई. खडीचे माप ब्रासमध्ये घेतले जाई. ब्रास म्हणजे शंभर घनफूट. मातीकामात खोदलेल्या खड्ड्याचे घनमाप, जमिनीचा कठीणपणा, माती किती दूर आणि किती उंच वाहून नेली, यांवर दर ठरे. म्हणजे मजुरी दिवसाची नव्हती, कामाच्या मापाची होती, आणि माप घेणारा मिस्त्री, हजेरी लिहिणारा कारकून व टोळी चालवणारा मुकादम हे तिघेही जवळजवळ नेहमीच पुरुष असत. कपची डोळ्यात जाण्याची भीती, हाताला पडणारे घट्टे आणि फोड, उन्हात तापलेला दगड, तान्ह्या मुलाला कुठे ठेवावे हा प्रश्न, गरोदर बाईला जड पाटी उचलावी लागणे, हप्त्याचा, म्हणजे आठवड्याच्या मजुरीचा, वाटप दिवस पुढे ढकलला जाणे आणि तोवर दुकानदाराकडे उधारी वाढत जाणे, हे सारे या घडणीचे भाग होते. ज्या घरात मजुरी कर्त्या पुरुषाच्या हाती देण्याचा रिवाज होता, तिथे दिवसभर राबलेल्या स्त्रीला स्वतःच्या कमाईचा आकडाही कळत नसे. त्यामुळे आपली हजेरी आपल्या नावाने लागावी, माप आपल्यासमोर घ्यावे आणि पैसे आपल्या हातात पडावेत या तिन्ही मागण्या स्त्रियांच्या दृष्टीने केवळ हिशेबाच्या नव्हत्या. त्या कामगार म्हणून मान्यता मिळवण्याच्या मागण्या होत्या.

दुष्काळी कामावरील संप हा कारखान्यातील संपापेक्षा मुळातच वेगळा होता. कारखान्यात काम थांबले की मालकाचे उत्पादन थांबते, नफा बुडतो, आणि त्या तोट्याच्या दबावाखाली तो बोलणीला येतो. खडीकेंद्रावर मालक म्हणजे शासन, आणि खडी फोडली न गेल्याने शासनाचे त्या आठवड्यात काहीच बुडत नव्हते. बुडत होती ती मजुरांची भाकरी. तरीही मजुरांनी काम थांबवले, कारण दुष्काळाच्या काळात शासनाला सर्वाधिक भीती होती ती उपाशी माणसे एकत्र येऊन तहसील कचेरीवर चालून येण्याची, विधिमंडळात प्रश्न विचारले जाण्याची आणि वृत्तपत्रांत भूकबळीची बातमी येण्याची. म्हणून या संपाची ताकद उत्पादन रोखण्यात नव्हती, ती मोठ्या संख्येने रस्त्यावर येण्यात होती. या सामूहिक दबावात स्त्रियांचे स्थान विशेष महत्त्वाचे ठरले. एक तर त्याच मोठ्या संख्येने कामावर होत्या. दुसरे म्हणजे घरात धान्य किती दिवसांचे उरले आहे याची नेमकी माहिती त्यांनाच असल्याने शासकीय आकडेवारीला प्रत्युत्तर देण्याची सामग्री त्यांच्याकडे होती. काम बंद ठेवणे, अधिकाऱ्याला घेराव घालणे, तालुक्याच्या गावी मोर्चा नेणे, कचेरीसमोर ठाण मांडणे आणि मागणी मान्य होईपर्यंत जागा न सोडणे हे या लढ्यांचे प्रचलित मार्ग होते. मे १९७३ मध्ये डाव्या आणि विरोधी पक्षांशी जोडलेल्या संघटनांच्या पुढाकाराने झालेल्या राज्यव्यापी संपात लाखो दुष्काळी मजूर उतरले. वाढीव मजुरी, वेळेवर वाटप, पुरेसे रेशन आणि सर्वांना काम या मागण्या त्यात अग्रभागी होत्या.

या आंदोलनाला राजकीय पार्श्वभूमी होती, आणि ती नजरेआड करून चालणार नाही. लाल निशाण पक्ष, दोन्ही कम्युनिस्ट पक्ष, समाजवादी आणि शेतकरी कामगार पक्ष यांनी दुष्काळी मजुरांची संघटना बांधण्याचे काम केले. उस्मानाबाद जिल्ह्यात शेतकरी कामगार पक्षाची मुळे हैदराबाद मुक्तिसंग्रामाच्या काळापासून रुजलेली होती, आणि भाई उद्धवराव पाटील यांच्यासारख्या नेत्याने या भागातील शेतकऱ्यांचे व मजुरांचे प्रश्न विधिमंडळात सातत्याने मांडले होते. निजामी राजवटीत जहागिरदारी, वेठ आणि लेव्हीच्या सक्तीविरुद्ध लढलेल्या पिढीची माणसे १९७२ मध्ये हयात होती. शासनासमोर उभे राहून मागणी करण्याची सवय या प्रदेशाला नवी नव्हती. त्याच काळात राज्याच्या इतर भागांतही स्त्रिया रस्त्यावर उतरत होत्या. मुंबईत १९७२ मध्ये मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी महागाई प्रतिकार संयुक्त महिला समितीच्या वतीने लाटणी हाती घेऊन मोर्चे काढले. तेव्हाच्या धुळे जिल्ह्यातील शहाद्यात श्रमिक संघटनेच्या लढ्यात आदिवासी स्त्रियांनी मजुरीच्या प्रश्नाबरोबरच दारूच्या आणि घरातील मारहाणीच्या विरोधात मोहीम उघडली. शहरातील गृहिणी, सातपुड्याच्या पायथ्याची आदिवासी मजूर आणि बालाघाटच्या उतारावरील खडी फोडणारी बाई यांचे प्रश्न वेगवेगळे दिसले, तरी धान्य, भाव आणि मजुरी या तीन धाग्यांनी ते एकमेकांत गुंफलेले होते. १९७५ मध्ये पुण्यात भरलेल्या संयुक्त स्त्रीमुक्ती संघर्ष परिषदेसारख्या घटनांना जे ग्रामीण अधिष्ठान लाभले, ते या लढ्यांनी आधी घडवलेल्या जाणिवेशिवाय लाभले नसते.

जगातील खाणपट्ट्यांत संपकाळात स्त्रियांनी केलेल्या कृतींशी या लढ्यांची तुलना केली असता साम्यही दिसते आणि फरकही स्पष्ट होतो. अमेरिकेतील न्यू मेक्सिकोमध्ये १९५० ते १९५२ या काळात झालेल्या जस्त खाणीच्या संपात न्यायालयाने कामगारांना निदर्शनाच्या रांगेत उभे राहण्यास मनाई केल्यावर त्यांच्या बायकांनी ती रांग स्वतः ताब्यात घेतली. बोलिव्हियातील सिग्लो व्हेंते या कथिलाच्या खाणवस्तीत १९६१ मध्ये स्थापन झालेल्या गृहिणी समितीतून दोमितिला बारियोस दे चुंगारा यांचे नेतृत्व पुढे आले, आणि ब्रिटनमधील १९८४-८५ च्या कोळसा संपात खाणगावांतील स्त्रियांनी सामुदायिक स्वयंपाकघरे चालवून व सभा घेऊन संप जिवंत ठेवला. या तिन्ही ठिकाणी स्त्रिया मुख्यत्वे खाणकामगारांच्या पत्नी म्हणून चळवळीत आल्या आणि चळवळीतून स्वतःचे वेगळे स्थान मिळवत गेल्या. भारतातील दल्ली-राजहरा येथील उदाहरण मराठवाड्याच्या अधिक जवळचे आहे. भिलाई पोलाद कारखान्याच्या लोहखाणींतील कंत्राटी कामगारांनी १९७७ मध्ये शंकर गुहा नियोगी यांच्या नेतृत्वाखाली छत्तीसगढ माइन्स श्रमिक संघ स्थापन केला, तेव्हा खनिज फोडणाऱ्या व वाहणाऱ्या स्त्रिया त्यात मोठ्या संख्येने स्वतः सभासद होत्या. त्या वर्षी जूनमध्ये झालेल्या पोलीस गोळीबारात मृत्युमुखी पडलेल्या कामगारांत अनसुयाबाई ही स्त्री कामगार होती. मराठवाड्यातील खडीकेंद्रावरील स्त्रीही अशीच स्वतः कामगार होती. फरक एवढाच, की तिच्यासमोर कंत्राटदार किंवा कंपनी नव्हती, प्रत्यक्ष शासन होते, आणि त्यामुळे तिच्या लढ्याचा शेवट वेतनकरारात न होता कायद्यात झाला.

हा कायदा म्हणजे महाराष्ट्राचा रोजगार हमी कायदा. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी सांगली जिल्ह्यातील तासगाव तालुक्यात केलेल्या प्रयोगातून पुढे आलेली रोजगार हमीची कल्पना राज्याने १९७२ मध्ये स्वीकारली होती, परंतु दुष्काळ ओसरल्यावर कामे बंद होतील ही मजुरांची भीती आणि कामे चालूच ठेवावीत ही त्यांची मागणी यांमुळे ती तात्पुरती मदत न राहता कायमची व्यवस्था झाली. १९७५ मध्ये शहरी नोकरदार आणि व्यावसायिकांवर व्यवसाय कर बसवून तिच्यासाठी निधी उभा करण्यात आला, १९७७ मध्ये विधिमंडळाने कायदा केला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. मागेल त्या प्रौढ व्यक्तीला शारीरिक श्रमाचे काम देणे, ठरावीक मुदतीत काम न दिल्यास बेकारी भत्ता देणे आणि कामाचा दर कामाच्या मापावर ठरवताना स्त्री–पुरुष भेद न करणे ही त्याची प्रमुख तत्त्वे होती, आणि कामाच्या ठिकाणी पिण्याचे पाणी, सावली व लहान मुलांची देखभाल यांच्या सोयीही योजनेत मान्य करण्यात आल्या. केंद्र शासनाचा समान वेतनाचा अध्यादेश १९७५ चा आणि अधिनियम १९७६ चा आहे, हेही येथे ध्यानात ठेवावे. पुढे २००५ मध्ये राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायदा झाला, तेव्हा महाराष्ट्राचा अनुभव हा त्याचा महत्त्वाचा आधार ठरला. कायद्याचे श्रेय प्रशासकांना आणि विधिमंडळातील नेत्यांना देण्याची रीत आहे, आणि ते श्रेय अनाठायी नाही. परंतु सावली, पाणी, पाळणा आणि समान दर हे विषय कायद्याच्या चौकटीत येण्याआधी ते कामावर, उन्हात बसलेल्या स्त्रियांच्या तोंडी होते, ही गोष्ट त्या श्रेयाच्या वाटणीत विसरता येणार नाही. अर्थतज्ज्ञ ज्याँ द्रेझ यांनी महाराष्ट्रातील या दुष्काळनिवारणाचा अभ्यास करताना लोकांच्या दबावाला जे महत्त्व दिले आहे, त्या दबावात मोठा वाटा अशा मजुरांच्या मोर्चांचा होता.

या लढ्यांचे गुणगान करताना त्यांच्या मर्यादांवर पांघरूण घालणे प्रामाणिक अभ्यासाला शोभणारे नाही. पहिली मर्यादा नेतृत्वाची होती: संख्येने निम्म्या असलेल्या स्त्रिया संघटनेच्या कार्यकारिणीत, वाटाघाटीच्या टेबलाशी आणि व्यासपीठावर फार थोड्या दिसत. दुसरी मर्यादा जातीची होती. दुष्काळाने मराठा, धनगर, वडार, लमाण, मुस्लिम आणि दलित स्त्रियांना एका ढिगाभोवती बसवले, पण एकाच माठातले पाणी पिण्यापर्यंत ही जवळीक सर्वत्र पोहोचली नाही; आणि १९७८ मध्ये मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाल्यावर मराठवाड्यात दलितांवर झालेल्या हिंसाचाराने दाखवून दिले की समान मजुरीने समान माणुसकी आपोआप येत नाही. दलित स्त्रीच्या दृष्टीने खडीकेंद्राचे आणखी एक महत्त्व होते: गावातील जमीनदाराकडे राबण्याऐवजी सरकारी मस्टरवर नाव लावता येणे म्हणजे त्या जमीनदाराच्या मेहेरबानीपासून थोडी मोकळीक मिळणे होय, आणि त्यामुळेच गावातील बडे शेतकरी अनेकदा रोजगार हमीच्या कामांना विरोध करीत. तिसरी मर्यादा घराची होती. कामावरून परतल्यावर पाणी, सरपण आणि स्वयंपाक यांची पाळी चुकत नसे. दिवसभराचा संप संपला तरी घरातील श्रमाचा प्रश्न बोलणीच्या यादीत आला नाही. शहाद्याच्या आदिवासी स्त्रियांनी घरातील मारहाणीचा प्रश्न जसा संघटनेच्या चर्चेत आणला, तसे मराठवाड्यातील दुष्काळी मजुरांच्या संघटनांत व्यापक प्रमाणावर घडले नाही, आणि त्याची कारणे शोधणे हा पुढील अभ्यासाचा भाग आहे.

या इतिहासाची साधने विखुरलेली आहेत आणि ती एकत्र आणण्याची पद्धतही विचारपूर्वक ठरवावी लागते. शासकीय अहवालांत मजुरांची उपस्थिती, खर्च आणि कामांची यादी मिळते, पण स्त्रियांचे म्हणणे त्यांत येत नाही. पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेत सुलभा ब्रह्मे यांनी १९७२ च्या दुष्काळावर केलेले काम आणि गेल ऑम्वेट यांनी सत्तरच्या दशकातील महाराष्ट्रातील स्त्रियांच्या लढ्यांविषयी केलेले लेखन ही या क्षेत्रातील आधारभूत साधने आहेत. त्यांच्या जोडीला संघटनांची पत्रके, जिल्हा वृत्तपत्रे आणि विधिमंडळातील चर्चांचे वृत्तांत वाचावे लागतात. हेमा राईरकर आणि गी पॉइटेव्हिन यांनी संकलित केलेल्या जात्यावरच्या ओव्यांच्या विशाल संग्रहाने हे सिद्ध केले आहे, की ग्रामीण स्त्रीने आपले जगणे लिहिले नसले तरी ते शब्दांत बांधून ठेवले आहे. त्याच न्यायाने, खडीकेंद्रावर तरुणपणी राबलेल्या आणि आज सत्तरी–ऐंशीच्या घरात असलेल्या स्त्रियांच्या आठवणी हे या विषयाचे सर्वांत मौल्यवान आणि सर्वांत वेगाने नाहीसे होणारे साधन आहे. त्या आठवणी नोंदवताना तारखांच्या अचूकतेची अपेक्षा ठेवण्यापेक्षा कामाचे तपशील, मापाचे वाद, हप्त्याचे दिवस, रेशनचे धान्य आणि मोर्चाची वाट यांवर भर दिल्यास त्यांची कागदोपत्री साधनांशी पडताळणी करता येते आणि दोन्ही प्रकारची साधने एकमेकांना पूरक ठरतात.

हा विषय आजच्या धाराशिव जिल्ह्याच्या दृष्टीने केवळ भूतकाळाचा नाही. हातोडीची जागा स्टोन क्रशरने घेतली, खडीकेंद्रे इतिहासजमा झाली, पण अवर्षणाचे फेरे थांबले नाहीत, आणि भूम, परांडा, वाशी, कळंब या तालुक्यांतील कुटुंबे दरवर्षी दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीसाठी साखर कारखान्यांकडे निघतात. तिथे नवरा–बायकोच्या जोडीला ‘कोयता’ म्हणून मोजले जाते. म्हणजे मुकादम दोघांच्या श्रमापोटी एकच उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, बहुधा नवऱ्याच्या हाती देतो आणि स्त्रीचे श्रम हिशेबात स्वतंत्रपणे येतच नाहीत. खडीकेंद्रावरील स्त्रीने हजेरी आपल्या नावाने लागावी म्हणून जो आग्रह धरला, त्याची आठवण या ठिकाणी तातडीने करून देण्याची गरज आहे, कारण उसाच्या फडातही तोच प्रश्न तसाच उभा आहे. शेजारच्या बीड जिल्ह्यात ऊसतोड स्त्रियांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची चौकशी करण्यासाठी २०१९ मध्ये नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमावी लागली, यावरून स्त्रीच्या शरीराची किंमत देऊन मजुरी मिळवण्याची वेळ अजून संपलेली नाही हे स्पष्ट होते. दुसऱ्या बाजूला, १९९३ च्या भूकंपानंतर उमरगा–लोहारा भागातील गावांत स्त्रियांनी संवाद सहायक म्हणून घरबांधणीच्या कामावर देखरेख केली, आणि सार्वजनिक कामाचे माप, दर्जा व हिशेब विचारण्याची क्षमता या जिल्ह्यातील स्त्रियांकडे आहे हे पुन्हा एकदा सिद्ध केले.

म्हणून खडीकेंद्रावरील स्त्रियांच्या लढ्यांचा अभ्यास करताना दोन गोष्टींचे भान ठेवावे लागते. एक म्हणजे, हक्क वरून दिला जात नाही; तो मागणाऱ्यांच्या संघटित आग्रहातून आकार घेतो आणि मागणे थांबले की झिजू लागतो, हे रोजगार हमीच्या पुढील काळातील वाटचालीवरून, जिथे जिथे मजुरांची संघटना दुबळी झाली तिथे तिथे कामे आटली यावरून, दिसून येते. दुसरे म्हणजे, कामगार कोणाला म्हणावे याची व्याख्या जितकी अरुंद राहील, तितका कामगार इतिहासही अपुरा राहील. खाणीच्या तोंडाशी ज्याचे नाव नोंदले जाते तोच खाणकामगार, ही समजूत सोडून दगड, माती आणि ऊस यांवर राबणाऱ्या स्त्रीला कामगार मानले, तिच्या मागण्यांना कामगारांच्या मागण्या म्हणून वाचले आणि तिच्या संपाला संप म्हणून मोजले, तरच १९७२–७३ च्या धाराशिवचा, मराठवाड्याचा आणि महाराष्ट्राचा इतिहास पूर्ण होईल. हा अभ्यास त्या दिशेने टाकलेले एक पाऊल आहे, आणि तो वाचणाऱ्यांपैकी काहींनी आपल्याच गावातील, आपल्याच घरातील वृद्ध स्त्रियांकडे बसून बहात्तरच्या कामाची हकिकत नोंदवून ठेवली, तर या विषयाची पुढची आणि अधिक भरीव मांडणी त्यांच्याच हातून होईल.